बिल्ददनं धोंडिबासाठी केलेली प्रार्थना

खडकीत कुणाच्या घरी वाईट बातमी आली, की डॉक्टरच्या आधी आणि नातेवाइकांच्या आधी बिल्दद चक्रनारायण पोचायचा. इस्त्रीचा पांढरा शर्ट, बगलेत छत्री, आणि चेहरा असा पडलेला की समोरच्याला वाटावं, आपण पुरेसं रडत नाही की काय. खुर्ची तो स्वतःच ओढून घ्यायचा, रडणाऱ्याच्या गुडघ्याला गुडघा लावून बसायचा आणि पाणी येईपर्यंत गप्प राहायचा. पाणी पिऊन झालं, पेला खाली ठेवला, की सुरू.

"शोधलंत का, कुठं चुकलं ते?"

मोरीत पडून माकडहाड मोडून घेतलेल्या गेनबा पानवाल्यालाही त्यानं हेच विचारलं होतं. गेनबा पालथा झोपल्या झोपल्या म्हणाला, "साबणावर."

"ते वरचं कारण झालं," बिल्दद म्हणाला.

यात त्याचा अगदीच दोष नव्हता. दारूगोळ्याच्या कारखान्यात तो तपासणीच्या टेबलावर होता. काडतूस नापास केलं, की का नापास केलं ते लिहायचं. 'कारण सापडत नाही' असा शेरा साहेब चालवून घेत नसत. उभा जन्म तेच केल्यावर माणसाला वाटायला लागतं, की जगातली प्रत्येक मोडकी वस्तू कुणाच्या तरी हातून मोडलेली असते आणि नीट खोदलं तर तो हात सापडतो. वस्तूंपर्यंत हे ठीक होतं. बिल्ददनं ते शेजाऱ्यापाजाऱ्यांना लावलं.

आणि नाव. बाप मिशनच्या शाळेत मास्तर. मूल जन्मलं की मास्तर आंघोळ करून यायचे, डोळे मिटून पवित्र शास्त्र उघडायचे आणि पानावर बोट ठेवायचे. बोटाजवळ पुरुषाचं किंवा बाईचं जे पहिलं नाव सापडेल ते बाळाचं. थोरल्याच्या वेळी बोट शलमोनावर पडलं, मुलीच्या वेळी एस्तेरवर. घरात पेढे वाटले. तिसऱ्या वेळी बोट बिल्ददवर पडलं. आईनं पदर पसरून विनवलं, की पुन्हा एकदा उघडून बघा. मास्तर म्हणाले, "देवाकडं फेरमतदान नसतं."

शाळेत पोरांनी त्याचं बिल्ला केलं, कारखान्यात बिल्डर. नव्वदनंतर पुण्यात जिकडंतिकडं इमारती उठायला लागल्या, तेव्हा तर "काय बिल्डरसाहेब, कोथरूडला एखादा टू बीएचके काढा की आमच्या नावावर" हे ऐकल्याशिवाय त्याचा कॅन्टीनचा चहा संपत नसे. पण त्याला नावाचा अभिमान होता. लहानपणी त्यानं बापाला विचारलं होतं, हा बिल्दद कोण. मास्तर म्हणाले, "ईयोब नावाचा एक सज्जन होता. त्याची गुरंढोरं गेली, पोरंबाळं गेली, अंगभर गळवं उठली, तो राखेत जाऊन बसला. तेव्हा तीन मित्र लांबून चालत त्याच्याकडं आले आणि त्यांनी त्याला चार शब्द सांगितले. त्यातला एक."

एवढं पुरलं. आपल्या नावाच्या माणसाची शास्त्रातली भाषणं त्यानं तोंडपाठ केली. ईयोब त्यावर काय म्हणाला, बाकीचे दोघं काय म्हणाले, याच्या फंदात तो पडला नाही. हौशी नाटकात दोन वाक्यांचं काम मिळालेला नट आपली वाक्यं तेवढी घोकतो आणि बाकीची संहिता घरी विसरतो, तसलं ते पाठांतर. शेवटी ईयोबाला सगळं दुप्पट परत मिळालं हे त्याला ऐकून ठाऊक होतं. ते आपल्याच उपदेशामुळं मिळालं असावं, असा त्याचा समज होता.

आता ज्याच्यासाठी हे नाव त्याच्या कपाळी आलं म्हणायचं, तो मित्रही त्याला मिळाला होता. धोंडिबा ओव्हाळ. कारखान्यात शेजारच्या टेबलावर आणि क्वार्टरमध्ये शेजारच्या घरात. दोन्ही घरांचा व्हरांडा एकच, मधे कमरेएवढी भिंत. त्या भिंतीवरून वर्षानुवर्षं पेपर जायचा, उसनी साखर यायची, नाताळच्या करंज्या जायच्या, चौदा एप्रिलची खीर यायची. दोघांच्या कोपरांनी भिंतीचा वरचा गिलावा गुळगुळीत झाला होता.

धोंडिबाचं एक वेड सगळ्या कारखान्यात प्रसिद्ध होतं. तो खोटं बोलत नसे. बाकीचे रजेच्या अर्जात मावशी मारायचे. काहींनी तर एकच मावशी दोनदा मारली होती. धोंडिबानं एकदा अर्जात लिहिलं, 'कंटाळा आला आहे, सबब दोन दिवस रजा मिळावी.' साहेबांनी तो अर्ज सगळ्यांना वाचून दाखवला आणि रजा दिली. त्या दिवसापासून खडकीत कुठं वाद झाला, की लोक म्हणायचे, धोंडिबाला विचारा. त्याचा शब्द म्हणजे शिक्का.

त्याचा मुलगा प्रज्ञेश. गल्लीतली पोरं कॉम्प्युटर क्लासची पायरी चढायला लागली त्याच्या आधीच हा इंजिनिअर होऊन त्या क्लासमध्ये शिकवत होता. मग कंपनी, मग दोन हजार साल उजाडताना सगळ्या जगाचे कॉम्प्युटर बंद पडणार म्हणून उडालेला गोंधळ, आणि त्या गोंधळात प्रज्ञेश न्यू जर्सीला. तिथून आलेल्या फोटोत तो एका लाल गाडीला टेकून उभा होता. धोंडिबाच्या बायकोनं, सुंदराबाईंनी, तो फोटो टीव्हीवर ठेवला. बिल्ददनं तो अशा काही आवेशात येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवला, की नव्या माणसाला वाटावं, गाडी यानंच दिलीय.

आणि मग ओळीनं सुरू झालं. धानोरीला घेतलेली गुंठाभर जागा आणखी दोघांनाही विकलेली निघाली. महिना झाला नाही तोच सुंदराबाई बसच्या पायरीवरून पडल्या आणि खुब्याचं हाड मोडलं. मग अमेरिकेत मंदी आली. कंपनीनं प्रज्ञेशला एका शुक्रवारी बोलावलं, पुठ्ठ्याचा खोका दिला आणि टेबल रिकामं करायला सांगितलं. पोरगा परत आला. आणि हे सगळं आत दाबून ठेवल्यासारखं एक दिवस धोंडिबाच्या अंगावर फुटलं. कमरेपासून पाठीपर्यंत नागीण. कापड लागलं तरी कळ उठायची. कुणीतरी सांगितलं म्हणून त्यानं गेरूचा लेप लावला, आणि उघड्या अंगानं, लालभडक होऊन, तो व्हरांड्यात बसून राहायला लागला.

पहिले काही दिवस बिल्दद नुसता बसला. ड्यूटीवरून आला की भिंत ओलांडून जायचा, शेंगा सोलायचा, अर्ध्या धोंडिबापुढं सरकवायचा. बोलायचा नाही. कारण धोंडिबाची अवस्था बघून त्यालाच शब्द सुचत नव्हता. सुंदराबाई वॉकर धरून दारापर्यंत यायच्या आणि म्हणायच्या, "बिल्ददभाऊ आले की ह्यांना जरा झोप लागती." त्याच्या सगळ्या आयुष्यात एवढा उपयोगी तो कधी पडला नव्हता.

पण शेंगा संपल्या.

"धोंडिबा, एक विचारू?"

"नको म्हटलं तर विचारणार नाहीस?"

"आठवून बघ. तुझ्या हातून कधीतरी, काहीतरी झालं असेल."

"झालंय की. तुझ्या शेजारी क्वार्टर घेतलं."

"मस्करी नको. एवढं एकामागून एक उगाच येत नाही. तुझं नसेल, तर पोराचं बघ. तिकडं एकटा होता. काय खाल्लं, काय प्यायला, कुणाबरोबर राहिला..."

धोंडिबानं मान फिरवली. आतून सुंदराबाई म्हणाल्या, "भाऊ, चहा झाला ना? आता जरा गप बसा, साखर पचू द्या."

बिल्दद त्या दिवशी उठला. दुसऱ्या दिवशी पुन्हा आला. त्याचं प्रेम खरं होतं, हीच अडचण होती. खोटं असतं तर तो घरी बसला असता.

बुधवारी संध्याकाळी धोंडिबानं त्याला आपणहून भिंतीपाशी बोलावलं. प्रज्ञेशचं लग्न कात्रजच्या निकिताशी जवळजवळ ठरलं होतं. ठरलं तेव्हा पोरगा नोकरीत होता. निकिताची आई, कौशल्याताई, एका मोठ्या दवाखान्यात सिस्टर होती. माणसं सरळ होती. प्रज्ञेश परत आला तो सुट्टीवर, असं तिकडं धरून चालले होते. तसं कुणी सांगितलं नव्हतं, पण उलटंही अजून सांगितलं नव्हतं.

"रविवारी आम्ही कात्रजला चाललोय," धोंडिबा म्हणाला. "कपडा अंगाला लागो नाहीतर न लागो, मी सदरा घालून जाणार. पोरगा त्यांच्या घरात बसून स्वतः सांगेल, नोकरी गेली म्हणून. मग ते ठेवतील तर ठेवतील, मोडतील तर मोडतील. पण आमच्या तोंडून कळलं पाहिजे. तोवर तू कुठं बोलू नको."

"मी? मी कशाला बोलतोय?"

धोंडिबानं भुवई उचलली.

"अरे, प्रभूसमोर सांगतो. माणसाला बोलणार नाही."

गुरुवारी घरप्रार्थना होती, मुक्ताबाई रणभिसेंच्या घरी. बाई नर्स. घरप्रार्थनेची रीत अशी, की मंडळी चटईवर बसतात, दोन गाणी होतात, मग डोळे मिटून एकेकानं मोठ्यानं देवाला विनवायचं. आपल्यासाठी आणि आपल्या ओळखीच्या दुःखितांसाठी. रीत सुंदर आहे. फक्त तिला एक खिडकी आहे. डोळे उघडे ठेवून एखाद्याच्या घरची गोष्ट सांगितली तर लोक चहाडखोर म्हणतात. डोळे मिटून सांगितली तर शेजारचे आमेन म्हणतात. खडकीतल्या कितीतरी घरांचं आतलं हवापाणी या मार्गानं बाहेर आलेलं आहे, आणि सगळं अगदी भक्तिभावानं.

बिल्ददची पाळी आली. त्याचा आवाज आधीच भरून आला होता.

"हे प्रभू, तुझा धोंडिबा ओव्हाळ, आमच्या शेजारच्या क्वार्टरमधला," असा त्यानं पत्ता दिला, देव चुकून पलीकडच्या दारात जायला नको म्हणून. "त्याच्या देहावर नागीण आहे, त्याच्या पत्नीचा खुबा मोडला आहे. त्याच्या मुलाची, प्रज्ञेशची, अमेरिकेतली नोकरी गेली आहे, आणि तो रोज सकाळी इस्त्रीचा शर्ट घालून सायबर कॅफेत जाऊन बसतो. त्याला नोकरी दे. कात्रजच्या सिस्टर कौशल्याताईंच्या मुलीशी त्याचं ठरलं आहे, ते टिकव. आणि त्या घराकडून जे पाप कळत-नकळत घडलं असेल आणि त्यांनी अजून तोंडानं कबूल केलं नसेल, त्याची त्यांना क्षमा कर."

सगळ्यांनी उसासे टाकले. आमेन जोरात झालं. एवढ्या तपशिलात रविवारचं तेवढं राहून गेलं. बोलण्याच्या भरात ते त्याच्या ध्यानातच आलं नाही.

मुक्ताबाईंनी मात्र एक डोळा उघडला होता. कात्रजच्या कौशल्याताई त्यांच्याच दवाखान्यात, वरच्या मजल्यावर. त्यांना वाटलं, घरचं दुःख घरच्यांना ठाऊक असणारच. शुक्रवारी ड्यूटी बदलताना त्यांनी जिन्यात कौशल्याताईंचा हात धरला आणि म्हणाल्या, "ताई, अजिबात काळजी करू नका. तुमच्या होणाऱ्या जावयाला नोकरी लागावी म्हणून आमची सगळी मंडळी प्रार्थनेत आहे."

त्या संध्याकाळी धोंडिबाकडं फोन वाजला. बिल्दद भिंतीच्या अलीकडं पेपर वाचत होता. त्याला अर्धंच ऐकू येत होतं आणि तेवढं पुरेसं होतं.

"हो... हो, गेलीय... नाही, लपवायचं नव्हतं. रविवारी येणारच होतो आम्ही... ताई, ऐकून तर घ्या... बरं. बरं."

रिसीव्हर खाली ठेवल्याचा आवाज आला. मग धोंडिबा बाहेर आला. गेरू वाळून अंगाला भेगा पडल्यासारखा दिसत होता.

"कुणाला बोललास?"

"कुणाला नाही."

"मुक्ताबाई नर्स कोण?"

बिल्ददच्या हातातला पेपर मिटला. "अरे, ती प्रार्थना होती. मी माणसाला बोललोच नाही. देवाला सांगितलं."

"देवाला माहीत नव्हतं?"

 बिल्ददला भाषणं पाठ होती, पण त्यात हे नव्हतं.

"पोरगं बेकार आहे, त्याची मला लाज नव्हती," धोंडिबा म्हणाला. आवाज चढवला असता तर बरं झालं असतं; तो चढवत नव्हता. "त्या बाई काय म्हणाल्या ठाऊक आहे? नोकरी गेली त्याचं काही नाही म्हणाल्या, आज गेली उद्या लागेल. पण तुम्ही लपवलंत. लोकांच्या तोंडून कळलं, लबाड घरात मुलगी देणार नाही. लबाड. आयुष्यात मला हा शब्द कुणी लावला नव्हता, बिल्दद. तुझ्यामुळं लागला. आणि तू वर माझ्यासाठी क्षमा मागितलीस म्हणे."

"मी तुझ्या भल्यासाठी..."

"आता घरी जा."

तो घरीच होता. फक्त भिंतीच्या या बाजूला.

बिल्ददला पहिल्यांदा जे वाटलं ते पश्चात्तापासारखं मुळीच नव्हतं. त्याला दगा दिल्यासारखं वाटलं. मुक्ताबाईंनी दगा दिला. प्रार्थनेतलं बाहेर नेतात का कुणी? धोंडिबानं दगा दिला. एवढ्या वर्षांचा शेजार एका फोनवर तोडतात का? आणि रविवारी देवळात तर कमाल झाली. ज्यांनी ज्यांनी आमेन म्हटलं होतं तेच लोक दारात चपला घालताना एकमेकांना सांगत होते, "बिल्ददनं असं करायला नको होतं हो." एकानं तर मान हलवून विचारलं, "शोधलंत का, कुठं चुकलं ते?"

तो तडक चर्चच्या पाळकसाहेबांकडं गेला. म्हणाला, मंडळीला समज द्या. पाळकसाहेब वयानं लहान, बोलायला मऊ. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"काका, तुमच्या नावाची गोष्ट तुम्ही पूर्ण वाचली आहे?"

"पाठ आहे."

"तुमचा भाग पाठ आहे. शेवटचं पान बघा."

घरी येऊन त्यानं शेवटचं पान उघडलं. चष्मा पुसून पुन्हा वाचलं. तिथं देव त्या तिघा मित्रांवर भडकला होता. ईयोबावर नाही. ज्यानं राखेत बसून देवाशी भांडण मांडलं त्याचं बोलणं देवाला पसंत होतं, आणि ज्यांनी देवाची बाजू घेऊन एवढी भाषणं केली त्यांचं देवाला काहीच पटलं नव्हतं. वर त्यांना हुकूम होता, की बळीची जनावरं घेऊन ईयोबाच्याच दारात जा. त्यानं तुमच्यासाठी प्रार्थना केली तर बघू.

बिल्ददच्या ध्यानात आलं. बापाला हे ठाऊक असणार. मास्तरच ते. शास्त्र कोळून प्यायलेला माणूस, आणि त्यानं आपल्या पोराला अर्धीच गोष्ट सांगितली, उरलेली खिशात ठेवली.

"वेणू," त्यानं बायकोला हाक मारली, "हे बघ काय लिहिलंय."

वेणूबाई तांदूळ निवडत होत्या. त्यांनी बघितलं नाही. "ठाऊक आहे मला. लग्न ठरलं तेव्हाच आमच्या वडलांनी वाचून दाखवलं होतं. म्हणाले, नवऱ्याचं नाव असं आहे, सांभाळून."

"मग इतक्या वर्षांत बोलली का नाहीस?"

"अहो, तुम्ही बोलू दिलंत कधी?"

सोमवारी ड्यूटी सुटल्यावर बिल्दद खडकी बाजारात गेला. बैल आणि मेंढे शास्त्रात ठीक होते. त्यानं किलोभर मटण घेतलं. भिंतीवरून गेला नाही. मोठा वळसा घालून धोंडिबाच्या पुढच्या दारानं गेला आणि कडी वाजवली. धोंडिबानं दार उघडलं, पिशवीकडं बघितलं, बाजूला झाला नाही.

"धोंडिबा, एक काम आहे तुझ्याकडं. माझ्यासाठी प्रार्थना कर."

"काय करू?"

बिल्ददनं उंबऱ्याबाहेर उभं राहूनच शेवटच्या पानावरचं सगळं सांगितलं. आपल्या नावाचा माणूस कसा चुकला, देव कसा रागावला आणि सुटकेची किल्ली कशी नेमकी त्या दुखावलेल्या मित्राच्याच हातात आहे. सांगताना पहिल्यांदाच त्याला वाक्यं जुळवावी लागत होती. धोंडिबा शेवटपर्यंत ऐकत राहिला.

"म्हणजे मी तुझ्या देवाला सांगायचं, की याला सोड."

"हो."

"माझ्याकडं देव नाही, बिल्दद. आमच्या बापानं छप्पन साली दीक्षा घेतली, तेव्हापासून आमच्या घरात ते खातंच बंद आहे."

"तुमच्यात काहीतरी म्हणत असतील ना."

"म्हणतो की. विहारात म्हणतो, सगळ्या प्राण्यांचं भलं होवो. त्यात कुत्री आली, मांजरं आली, भिंतीवरच्या पाली आल्या. तूपण आलास. एकट्या तुझ्यासाठी वेगळं काही नाही."

बिल्ददच्या हातात पिशवी जड व्हायला लागली होती. एक दार उघडं होतं, तेही शेवटी भिंतीवर रंगवलेलं निघालं. त्याला आता बापाचा राग येत नव्हता, कुणाचाच येत नव्हता. फक्त कुणीतरी आपल्याला बाजारात नेऊन हात सोडून द्यावा, तसं वाटत होतं.

"मग मी काय करू?" त्यानं विचारलं. हा प्रश्न तो आयुष्यात पहिल्यांदा विचारत होता.

धोंडिबा म्हणाला, "कात्रजला जा. त्या बाईंना सांग, की ओव्हाळ रविवारी येऊन सांगणारच होते. तुझ्या देवाला सांगायचं जे राहिलं, तेवढंच. उपदेश करू नको, कारणं देऊ नको. त्यांनी लग्न ठेवावं म्हणून मी पाठवत नाहीये. मी लबाड नाही एवढं त्यांना कळू दे."

"आणि मटण?"

"सुंदरा," धोंडिबानं आत तोंड करून सांगितलं, "मटण आणलंय बिल्ददनं."

"त्यांनाच खायला सांगा," सुंदराबाई आतून म्हणाल्या. "तोंड तेवढा वेळ बंद राहील."

कात्रजची बस पुणं आडवं कापत जाते. बिल्दद खिडकीपाशी बसून एकच वाक्य घोकत होता. डेअरीच्या पुढं उतरून, विचारत विचारत, तो तिसऱ्या मजल्यावर पोचला. कौशल्याताईंनी साखळी न काढता दार किलकिलं केलं.

"मी खडकीहून आलोय. ओव्हाळांचा... शेजारी." मित्र हा शब्द ओठापर्यंत येऊन परत गेला. "ते लपवत नव्हते. रविवारी तुमच्याकडं येऊन मुलगा स्वतः सांगणार होता. बुधवारीच ठरलं होतं त्यांचं."

"मग शुक्रवारी दवाखान्यात बोभाटा कुणी केला?"

त्याच्या जिभेवर मुक्ताबाई आल्या. प्रार्थनेची रीत आली. मंडळीचं आमेन आलं. टेबलावर ओळीनं काडतुसं मांडावीत तशी सगळी कारणं आली, आणि प्रत्येकावर दुसऱ्याचं नाव होतं.

"मी केला," तो म्हणाला.

ताईंनी त्याला खालपासून वरपर्यंत बघितलं. त्यांच्या मागं एक मुलगी उभी होती. ती निकिता असावी. तिनं काही विचारायला तोंड उघडलं, पण आईनं हातानं थांबवलं.

"ओव्हाळांना सांगा, माझा शब्द मी मागं घेते. लबाड म्हणायला नको होतं," कौशल्याताई म्हणाल्या. "पण लग्नाचं आता राहू दे. ज्या घराच्या शेजारी तुम्ही राहता, तिथं मुलगी द्यायची म्हणजे..." आणि वाक्य पुरं न करता त्यांनी दार लावलं.

परत आल्यावर त्यानं पुढच्या दारातून निरोप सांगितला. शेवटचं, शेजाराचंही सांगितलं. गाळावं असं एकदा मनात आलं होतं, पण खोटं न बोलणाऱ्या माणसासमोर ते जमलं नाही. धोंडिबानं "बरं" म्हटलं आणि दार लावलं. बिल्ददला वाटत होतं, की एवढं केल्यावर निदान बस म्हणेल.

नागीण हिवाळ्यात गेली, पाठीवर डाग ठेवून. प्रज्ञेशला आधी एका कॉल सेंटरमध्ये काम मिळालं, मग हिंजवडीला चांगली नोकरी लागली. धोंडिबा आणि बिल्दद कारखान्यात शेजारच्या टेबलांवरच होते. "पाना दे," "घे," एवढं चालायचं. डबे वेगळे उघडायचे. बिल्ददनं लोकांच्या घरी जाणंही कमी केलं. गेला तरी पाणी पिऊन झाल्यावर गप्पच बसायचा, आणि लोकांना वाटायचं, याची तब्येत बरी नाही.

वर्ष उलटल्यावर व्हरांड्याच्या पलीकडच्या बाजूला चुना लागला, पडदे बदलले. प्रज्ञेशचं लग्न ठरलं होतं, येरवड्याच्या एका मुलीशी. वेणूबाईंना ते नळावर कळलं. बिल्दद रोज संध्याकाळी शर्ट न बदलता बसून राहायचा. आपल्याकडं जवळच्यांना पत्रिका हातात देतात, बसून, चहा पिऊन, हळदीकुंकवाची बोटं लावून. या दोन्ही घरांत हळदीकुंकू नव्हतं, पण बसून चहा होता. वेणूबाई रोज दोन कप जास्तीचं दूध ठेवायच्या.

पत्रिका आली ती दुपारी, पोस्टानं. पोस्टमननं लिफाफा उलटासुलटा करून बघितला, मग पलीकडच्या दाराकडं बघितलं. "काका, ही तर शेजारूनच आलीय. तिकीट वाया घालवलं."

लिफाफ्यावर पूर्ण पत्ता होता. श्री. बिल्दद चक्रनारायण व परिवार, क्वार्टर नंबर, लाइन, खडकी, पिनकोड. अक्षर धोंडिबाचं. बिल्ददनं आतल्या कागदाची पाठ बघितली, लिफाफा झटकून बघितला. हातानं लिहिलेलं आणखी काही नव्हतं.

"बोलावलंय तरी," वेणूबाई म्हणाल्या.

तो बाहेर आला. धोंडिबा व्हरांड्यात उभा होता, काखेत पत्रिकांचा गठ्ठा, पायात नव्या चपला.

"पत्रिका मिळाली," बिल्दद म्हणाला.

"पोस्ट चालू आहे म्हणायचं," धोंडिबा म्हणाला, आणि समोरच्या लाइनीतल्या दूधवाल्याला पत्रिका हातात द्यायला पायऱ्या उतरून गेला.